उरलेले १.८ टक्के

दहावीचा निकाल लागला की आपल्या गल्लीत पहिला प्रश्न 'किती टक्के?' हाच असतो. मग मूल मराठी शाळेतले असो की कन्नड. अठ्ठ्याण्णव सांगणाऱ्यालाही 'उरलेले दोन कुठे गेले?' असे विचारणारे एखादे काका निघतातच. हाच प्रश्न १९९९ साली अमेरिकेत एका व्हिडिओ गेमच्या बाबतीत उभा राहिला, आणि त्या वेळी चूक परीक्षार्थींची नव्हती.

खेळाचे नाव 'ग्रान टुरिस्मो'. जपानचे काझुनोरी यामाउची आणि त्यांचे मोजके सहकारी पाच वर्षे त्यावर राबले आणि डिसेंबर १९९७ मध्ये तो सोनीच्या प्लेस्टेशनसाठी बाजारात आला. त्याआधीच्या मोटारशर्यतींत नाणे टाकावे, चाक फिरवावे, दोन मिनिटांत उठावे असा मामला होता. इथे मात्र हाती थोडे पैसे देऊन खेळाडूला जुन्या गाड्यांच्या बाजारात सोडलेले. एखादी वापरलेली मोटार घ्यायची, छोट्या शर्यती जिंकायच्या, बक्षिसातून इंजिन सुधारायचे. त्यातही गंमत म्हणजे मोठ्या शर्यतींत उतरण्यापूर्वी परवाना काढावा लागे! ठरावीक पट्ट्यात गाडी थांबवा, हे वळण इतक्या सेकंदांत घ्या, असे धडे. कांस्यपदकावर परवाना मिळे. पण सगळी सुवर्णपदके मिळवणाऱ्याला खास गाडी बक्षीस. एका वळणावर सेकंदाच्या दहाव्या भागासाठी रात्री जागवल्या गेल्या त्या इथेच. आर.टी.ओ.च्या परीक्षेला आपण एवढे मनावर घेतले असते तर रस्ते सुरक्षित झाले असते, असे माझे मत आहे.

दुसरा भाग जपानमध्ये ११ डिसेंबर १९९९ रोजी निघाला आणि अमेरिकेत २३ डिसेंबरला, म्हणजे नाताळच्या अगदी तोंडावर. सुमारे साडेसहाशे गाड्या, दोन सीडी, सहा परवाने आणि प्रत्येकी दहा चाचण्या. रोममधली शर्यत दोन तासांची, तर कॅलिफोर्नियातल्या लागुना सेकाची दोनशे मैलांची. शर्यत अर्धी ठेवून उद्या पुढे सुरू करण्याची सोय नव्हती. वीज गेली की सारे मुसळ केरात. आणि या साऱ्याचा हिशेब पडद्यावर टक्क्यांत दिसे.

लोकांनी सगळे जिंकले. आकडा मात्र ९८.२ वर येऊन थांबला तो थांबलाच.

खेळाडूचा पहिला संशय साहजिकच स्वतःवर जातो. एखादी शर्यत राहिली असेल, एखादे पदक कमी पडले असेल, म्हणून यादी पुन्हा पहिल्यापासून तपासायची. कारण निघाले ते निराळेच. या खेळात सरळ रेषेत धावण्याच्या, 'ड्रॅग रेस' म्हणतात तशा शर्यती घालायचे ठरले होते. बाजारात येण्यापूर्वी त्या काढून टाकल्या गेल्या. पण टक्केवारीच्या हिशेबातून त्यांना वगळायचे राहून गेले. अपूर्णांकाच्या भाषेत सांगायचे तर अंशातून शर्यती गेल्या, छेदात तशाच राहिल्या. जी प्रश्नपत्रिका छापलीच नाही, तिचे गुण एकूण बेरजेत धरलेले! अमेरिकेतल्या त्या पहिल्या आवृत्तीत कितीही कसबी माणूस ९८.२ च्या पुढे जाऊच शकत नव्हता. शिवाय गॅरेजमधल्या गाड्या नाहीशा होण्याचा दोषही तिच्यात होता. तो मला अधिक क्रूर वाटतो, कारण तिथे कमावलेलेच जात होते.

पुढे सोनीने सदोष सीडी बदलून देण्याची तयारी दाखवली आणि नंतरच्या आवृत्तीत हिशेब दुरुस्त झाला. तिथे शंभर टक्के मिळतात. पण ज्यांनी सीडी बदलून घेतली नाही, त्यांनी साठ चाचण्यांत साठ सुवर्णपदके मिळवली असली तरी मेमरी कार्डावरची नोंद ९८.२ अशीच राहिली.