सुप्याचे रोखे आणि पुण्याचा हप्ता

बारामती तालुक्यातलं सुपे आमच्या गावापासून चालत जायच्या अंतरावर आहे. हल्ली लोक मोटारी घेऊन मयूरेश्वर अभयारण्यातली चिंकारा हरणं बघायला येतात आणि संध्याकाळी पुण्याला परततात. याच सुप्यात १२ मे १८७५ रोजी कुणब्यांनी सावकारांच्या घरा-दुकानांतून वह्या आणि कर्जाचे रोखे बाहेर काढले आणि त्यांची होळी केली. तेव्हा हा भाग भीमथडी तालुक्यात होता. सुप्यापासून ते लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या तीसहून जास्त गावांत गेलं. इतिहासात त्याला दख्खनचे दंगे म्हणतात. सावकाराच्या अंगावर हात टाकण्यापेक्षा त्याच्याकडचा कागद हातात घ्यायचा, यावर लोकांचा भर होता. कागद दिला तर बहुतेक ठिकाणी पुढं काही झालं नाही.

लहानपणी मला याचं नवल वाटायचं. कागदावर एवढा राग कशापायी? त्याचं उत्तर मी अलीकडं, पुतण्याच्या फ्लॅटच्या कर्जाचा हिशोब मांडताना शोधलं. ते पुढं येईलच. आधी रोख्याचं सांगतो.

पेशवाईतही सावकार होते आणि कर्जंही होती. पण इंग्रजांनी रयतवारी आणली, जमीन एकेका कुळाच्या नावावर लावली, आणि नावावरची जमीन कोर्टाच्या हुकुमानं जप्त करता येऊ लागली. आधी सावकाराला गावात राहायचं म्हणजे गावाची मर्जी सांभाळावी लागे, आता त्याच्या हातात दिवाणी कोर्ट आलं. त्यातच अमेरिकेत १८६१ ते १८६५ यादवी युद्ध झालं, तिकडचा कापूस विलायतेला जाईना, म्हणून इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारांनी हात सैल सोडून उसनवारी दिली. युद्ध संपलं आणि भाव पडले. त्याच सुमाराला सरकारनं शेतसारा वाढवला. सारा रोखीत भरायचा, रोख कुणाकडं? सावकाराकडं.

आता खरी गोम. १८५९ साली सरकारनं मुदतीचा कायदा केला. कर्जाचा रोखा तीन वर्षंच चालेल, पुढं त्यावर दावा करता येणार नाही. व्याज साचत जाऊ नये हा हेतू चांगलाच होता. सावकारानं त्यातून वाट काढली. तीन वर्षं भरत आली की तो कुळाला बोलावी आणि मुद्दल अधिक थकलेलं व्याज मिळून एक आकडा करी. तेवढ्या रकमेचा नवा रोखा लिहून घेई आणि खाली अंगठा उठवून घेई. काल जे व्याज होतं ते आज मुद्दल झालं, आणि त्यावर नवं व्याज सुरू.

हे आकड्यात मांडल्याशिवाय कळत नाही. समजा शंभर रुपये घेतले, दरमहा शेकडा दोन रुपयांनी. वर्षाला चोवीस रुपये व्याज. कुळानं काहीच दिलं नाही असं धरू. साध्या व्याजानं बारा वर्षांनी ३८८ रुपये होतात. पण दर तीन वर्षांनी रोखा बदलला की पहिल्या तीन वर्षांनी १७२, सहाव्या वर्षी २९६, नवव्या वर्षी ५०९ आणि बाराव्या वर्षी ८७५. दर तोच आणि घेतलेले शंभरही तेच, पण चार वेळा कागद बदलला. आणि दर वेळी कुळाला वाटे, सावकारानं सांभाळून घेतलं, मुदत दिली.

आपल्या जुन्या धर्मशास्त्रात दामदुपटीचा नियम होता. एका वेळी थकलेलं व्याज मुद्दलाच्या वर मागता येत नाही. म्हणजे शंभरावर थकबाकी दोनशेच्या पुढं जायची नाही. रोखा बदलताना मुद्दलच फुगवलं की हा नियमही लंगडा पडायचा. हा नियम थकलेल्या व्याजापुरता आहे, वेळच्या वेळी भरलेलं व्याज त्यात धरत नाहीत. लोक दामदुपट म्हणून भलतंच सांगतात, म्हणून लिहिलं.

दंग्यानंतर सरकारनं कमिशन नेमलं आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा झाला. पुणे, नगर, सोलापूर आणि सातारा हे चार जिल्हे त्यात होते. त्यातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. कोर्टानं समोरच्या रोख्यावर न थांबता व्यवहाराच्या मुळापर्यंत जायचं, पहिल्यांदा हातात किती पैसे पडले तिथून हिशोब सुरू करायचा. मुद्दलाचं खातं वेगळं, व्याजाचं वेगळं, आणि मुद्दलात घुसवलेलं व्याज बाहेर काढायचं. कुळानं मागितली तर पावती द्यायची, वर्षाचा उतारा द्यायचा. जळालेल्या वह्यांतून एवढं तरी निघालं.

कायदा झाला तरी पैशाची गरज संपली नव्हती. वेडरबर्न नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं आमच्या शेजारच्या पुरंदर तालुक्यात शेतकऱ्यांसाठी बँक काढायची योजना मांडली. न्यायमूर्ती रानड्यांचा तिला पाठिंबा होता, हिंदुस्थान सरकारनंही मान हलवली, आणि लंडनहून नकार आला. सहकारी पतपेढीचा कायदा यायला १९०४ उजाडलं. तोवर आणि त्यानंतरही पुष्कळ वर्षं गावात सावकारच होता.

आमच्या घरात गहाणाची गोष्ट आहे ती १९२८ ची. आजोबांनी विहिरीसाठी दोनशे रुपये घेतले आणि राहतं घर लिहून दिलं. गहाण बऱ्याच प्रकारचं असे. ताबेगहाण म्हणजे जमीन सावकाराच्या ताब्यात, उत्पन्न तो खाणार. गहाण-लहाण म्हणजे मुदतीत पैसे दिले नाहीत तर खरेदी झाली असं समजायचं. आजोबांचं नजरगहाण होतं, ताबा आमचाच. त्यामुळं आजी म्हणायची, घर आपलंच आहे, फक्त कागद तिकडं आहे. व्याज दरमहा शेकडा दीड, म्हणजे महिन्याला तीन रुपये, वर्षाला छत्तीस. विहिरीला काळा पाषाण लागला. पाणी लागलं नाही.

दोन-तीन वर्षांत मंदी आली आणि ज्वारीचा भाव निम्म्यावर उतरला. व्याज छत्तीस रुपयेच राहिलं, पण ते भरायला पूर्वीच्या दुप्पट ज्वारी खळ्यावरून उचलून द्यावी लागे. माझ्या मते शेतकऱ्यानं कर्ज रुपयात मोजूच नये, आपण जे पिकवतो किंवा कमावतो त्यात मोजावं. आजी तसंच मोजायची. सावकाराकडं गेलेल्या प्रत्येक पोत्यामागं ती माजघराच्या भिंतीवर गेरूची एक रेघ ओढायची. सावकाराच्या वहीत आणि आजीच्या भिंतीत मेळ बसायचा नाही. पावती मागायचा हक्क कायद्यानं दिला होता हे आमच्या घरात कुणाला ठाऊक नव्हतं, आणि भिंत काही कोर्टात नेता येत नाही.

लढाईच्या काळात धान्याला भाव चढला. १९४३ साली आजोबांनी एक बैलजोडी विकली, वर्षाची ज्वारी विकली आणि घर सोडवलं. पंधरा वर्षांचं व्याज ५४० आणि मुद्दल २००, असे ७४० रुपये गेले. मुद्दल पंधरा वर्षं जागचं हललंच नव्हतं, कारण व्याजावरच दम निघत होता. पुढं वडिलांनी भिंत सारवली, पण त्या जागेला आजी शेवटपर्यंत हात लावू द्यायची नाही. आमच्या थोरल्या भावाचं कुटुंब आजही त्याच घरात राहतं.

त्याच भावाच्या मुलानं फेब्रुवारी २०२१ मध्ये पुण्यात वाघोलीला फ्लॅट घेतला. आपल्या देशात घरासाठी सर्वसामान्य पगारदाराला कर्ज मिळायची सोय जुनी नाही. १९७७ साली हसमुखभाई पारेखांनी एचडीएफसी काढली तेव्हापासून ती रुळली. त्याआधी लोक निवृत्तीचे पैसे आले की घर बांधायचे. पुतण्याला ऐन तिशीत घर झालं, याचा आम्हाला आनंदच झाला. पंचवीस लाख कर्ज, वीस वर्षं, व्याज शेकडा ६.७, तेही बदलतं. हप्ता १८,९३५ रुपये. मूळ दस्त बँकेत. म्हणजे आजी म्हणायची तसंच, घर आपलं, कागद तिकडं.

दोन वर्षांनी, २०२३ च्या पाडव्याला तो घरी आला तो तोंड पाडूनच. वहिनी मला म्हणाल्या, "भावजी, तुम्ही तरी बघा. म्हनतोय येक येकर विकून टाकू आन् कर्ज फेडू."

मी विचारलं, "आरं, हप्ता थकलाय का?"

"नाही तात्या. एक बी थकला नाही. पण बँकेचा उतारा काढला तर हप्ते चारशेच्या वर शिल्लक दाखवतंय. होते दोनशे सोळा."

मी त्याला म्हटलं, पहिल्या दिवसापासून हिशोब मांड. दोनशेपानी वही घेऊन मी महिना महिना लिहीत गेलो, सूनबाईनं संगणकावर ताळा पाहिला. पहिल्या हप्त्यातले १३,९५८ व्याजात गेले, मुद्दलात ४,९७७. दोन वर्षांत साडेचार लाख भरले आणि मुद्दल फिटलं सव्वा लाखाच्या जरा वर. बाकी राहिली २३ लाख ७२ हजार. इथवर कुणी फसवलेलं नाही, हप्त्याची घडणच अशी असते की आरंभी व्याज जास्त.

पण मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रिझर्व्ह बँकेनं रेपो दर ४ वरून ६.५ वर नेला. पुतण्याचं व्याज ६.७ चं ९.२ झालं. बँकेनं हप्ता वाढवला नाही. तो १८,९३५ च राहिला, म्हणून घरात कुणाला पत्ता लागला नाही. आता २३ लाख ७२ हजारांवर ९.२ नं महिन्याचं व्याजच १८,१९० होतं. मुद्दलात पडणार ७४५ रुपये! त्या गतीनं कर्ज फिटायला पस्तीस वर्षं लागतात. अठरा वर्षांची पस्तीस झाली, आणि भरायचे होतात ऐंशी लाख.

मला सुप्याचे रोखे आठवले. इथं अंगठा उठवलेला नाही, व्याजावर व्याज चढवलेलं नाही, वहीत खोट नाही. तरी हप्ता तोच ठेवून मुदत लांबवणं यात त्या नव्या रोख्याचा वास येतोच. कुळाला वाटतं, सांभाळून घेतलं.

मग दुसऱ्या बाजूनं हिशोब केला. मुदत अठरा वर्षंच ठेवायची तर हप्ता किती? २२,५१४. म्हणजे महिन्याला ३,५७९ जास्त. एकूण भरणा ४८ लाख ६३ हजार. महिन्याला साडेतीन हजार वाढवले तर एकतीस लाख वाचतात. हा आकडा ऐकून वहिनींनी मला तो पुन्हा मांडायला लावला.

सगळंच काळं नाही, तेही वहीत लिहिलं. भाडं वाचतं. पगार वाढत जातो, आणि पंधरा वर्षांनंतरचे बावीस हजार आजच्याइतके जड नसतील. आजोबांच्या वेळी उलटं झालं होतं, त्यांची ज्वारी स्वस्त झाली आणि रुपया महाग. पगारदाराचं असं सहसा होत नाही, नोकरी टिकली तर. शिवाय बदलत्या व्याजाचं घरकर्ज बँकेत मुदतीआधी फेडलं तर दंड घ्यायचा नाही, हा रिझर्व्ह बँकेचा हुकूम २०१२ पासून आहे. आजोबा मधूनच दहा रुपये मुद्दलात घ्या म्हणाले तर सावकार घेत नसे, पुरे दोनशे आण म्हणायचा.

एकर विकायचं काय, यावर दोन दिवस घरात बोलणं झालं. माझं मत मी सांगितलं. जिरायत एकराचं उत्पन्न ९.२ टक्क्यांच्या जवळपासही जात नाही, नुसत्या आकड्यावर बघितलं तर विकणं चूक नाही. पण साडेतीन हजारांनी काम भागत असेल तर ती जमीन उद्याच्या दुखण्याखुपण्याला राहू द्यावी. भाऊ काहीच बोलला नाही. वहिनी म्हणाल्या, "घर सोडवायला बैलं गेली, आता घर घ्यायला रान घालवू नगा." सूनबाईनं दागिन्यांचं नाव काढलं, ते वहिनींनीच मोडून काढलं.

पुतण्यानं बँकेत अर्ज दिला. पहिल्यांदा तिथल्या माणसानं सांगितलं की हप्ता वाढवायची पद्धत नाही. दुसऱ्या खेपेला वही घेऊन मी बरोबर गेलो. वही त्यांनी पाहिली नाही, पण अर्जावर शिक्का दिला आणि जूनपासून हप्ता वाढला. मधले तीन हप्ते जुन्याच रकमेनं गेले म्हणून त्यानं गावी कांद्याचे आलेले थोडे पैसे मुद्दलात टाकले. त्याच ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेचं फर्मान निघालं की दर बदलला तर हप्ता किंवा मुदत यांवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा की मुदत, हे त्याला निवडू द्यायचं. आमच्या गावातल्या आणखी दोघा मुलांचे उतारे मी त्यानंतर मागवून बघितले. एकाच्या कर्जात विम्याची रक्कमही मिळवलेली निघाली. वीस वर्षं तिच्यावरही व्याज. त्याला ते माहीतच नव्हतं.

२०२५ मध्ये दर उतरू लागले. बँकेकडून पुतण्याला फोन आला, आता हप्ता कमी करून देतो म्हणून. त्यानं मला विचारलं नाही. "हप्ता तेवढाच ठेवा, वर्षं कमी करा," असं त्यानं परस्पर सांगून टाकलं आणि नवा उतारा मला पाठवला. तो मी दोनशेपानी वहीत चिकटवून ठेवला आहे.