कोट्याचा मासा आणि खडकाचे वय

धाराशिव जिल्ह्यात बालाघाटाच्या डोंगरावर विद्यार्थ्यांची सहल नेली, तर पायाखाली काळा बेसाल्ट लागतो. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थिजलेला हा लाव्हा. त्यात माशाचा सांगाडा कोठून सापडणार? मग १८५१ साली कर्नल साइक्स यांनी लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीपुढे ‘दख्खनच्या पठारावरील’ म्हणून जो जीवाश्म मासा ठेवला, तो होता कुठला?

तो होता कोटा गावचा. हे गाव आजच्या गडचिरोली जिल्ह्यात, सिरोंचाच्या उत्तरेला, प्राणहितेच्या काठी आहे. तेथे वालुकाश्म, चुनखडक असे गाळाचे खडक उघडे पडले आहेत. त्या काळात डॉ. बेल यांनी कोळशाच्या शोधात तेथे बोअर घेतले होते. साइक्स यांनाही मासे नवे नव्हते. दख्खनच्या नद्यांतील जिवंत माशांवरचा त्यांचा प्रबंध १८४१ मध्येच छापून आला होता.

नमुन्यांचे वर्णन सर फिलिप एगर्टन यांनी केले आणि माशाला लेपिडोटीस डेक्कनेन्सिस हे नाव दिले. लेपिडोटीस म्हणजे खवलेदार. हा किरणपर मासा, म्हणजे काट्यांच्या आधारावर पर ताणलेला. आपला रोहूही याच मोठ्या गटातला. मात्र रोहूचे खवले पातळ व गोलसर असतात, तर याचे जाड, चौकटीसारखे आणि चकचकीत लेप असलेले. जणू चिलखतच!

असेच मासे युरोपातील ज्युरासिक काळाच्या आरंभीच्या थरांत माहीत होते. त्यावरून कोट्याचे खडकही ज्युरासिक ठरले, म्हणजे आपल्या बेसाल्टपेक्षा दहा कोटींहून अधिक वर्षे जुने. पण या तर्कात एक कच्चा दुवा आहे. लेपिडोटीससारखे मासे फार दीर्घकाळ टिकले. त्यामुळे एका माशावरून नेमका काळ सांगता येत नाही. म्हणून इतर पुरावाही लागतो. पुढे भारतीय सांख्यिकी संस्थेच्या संशोधकांनी याच खोऱ्यात काम केले. कोटा थरांतील बारापासॉरस या अजस्र डायनासोरला १९७५ मध्ये नाव मिळाले. ज्युरासिकचा निष्कर्ष टिकला; त्यातला नेमका टप्पा कोणता, यावर मात्र अजून मतभेद आहेत.

वर्गात रोहूचा एक खवला आणि बेसाल्टचा एक तुकडा शेजारी ठेवावा. खडकाचे वय त्यावर लिहिलेले नसते. ते पुराव्याला पुरावा जोडून काढावे लागते, हे मुलांना त्यातून नीट सांगता येईल.