कोपरे कापलेली गल्ली

तारीख 6 जून 1795, शनिवार. कोपनहेगनच्या जुन्या शहरात, कॉम्पानीस्ट्रेडे नावाच्या गल्लीच्या तोंडाशी तुम्ही उभे आहात. रात्रीचे दहा वाजत आलेत, तरी उजेड आहे. जूनमध्ये इथे अंधार पडतो तो नावापुरता. पण पूर्वेकडचा तांबूस उजेड सूर्याचा नाही.

काल दुपारी गामेलहोल्मवरच्या आरमाराच्या वखारीत, कोळसा आणि लाकडाच्या ढिगांना आग लागली. कामगार घरी गेलेले, पावसाचा बरेच दिवस पत्ता नाही, आणि वारा शहराच्या दिशेचा. निकोलाय चर्चचा मनोरा पेटला तेव्हाच जाणत्यांनी ओळखलं की हे आता आवरत नाही. तुमच्या शेजारी एक बाई गादीची वळकटी आणि तांब्याची किटली घेऊन धावते आहे. ही घरं लाकडी सांगाड्याची, मधल्या चौकटींत विटा भरलेल्या. 1728 च्या मोठ्या आगीनं शहराचा उत्तरेकडचा भाग खाल्ला, तेव्हा हा भाग वाचला होता. म्हणजे इथलं लाकूड आणखी जुनं, आणखी वाळलेलं.

नाक्यावर आरडाओरडा ऐकू येतो आहे. लांब शिडी लादलेली गाडी वळणावर अडकली आहे. गल्ली अरुंद आणि कोपऱ्यावरचं घर काटकोनात पुढे आलेलं. घोडे मागे घ्यावेत तर मागून पाण्याचे पंप आणि बादल्या घेतलेली माणसं येताहेत. हा नाका नीट बघून ठेवा, कारण पुढची गोष्ट त्याच्याभोवतीच फिरते.

आग रविवारी विझली. 909 घरं पूर्ण जळाली, न्यूतोर्व चौकातलं नगरभवनही गेलं. राखेत फार वेळ रेंगाळू नका. तीन वर्षं पुढे या.

1798. तीच गल्ली, पण ओळखू येणार नाही. दोन्ही बाजूंना पहाड बांधलेले, चुन्याचा वास नाकात बसतो, विटांच्या गाड्या फरसबंदीवर खडखडत येतात. आणि नाक्यावरच्या नव्या घराला कोपराच नाही! भिंत तिरपी छाटलेली आहे. पेटर माइन आणि रावेर्ट यांनी आगीनंतर शहराचा जो आराखडा केला त्यातला हा नियम: रस्ते सरळ करायचे आणि नाक्यावरच्या प्रत्येक घराचा कोपरा कापायचा, म्हणजे शिडीची गाडी अडणार नाही. आज पर्यटक ज्याला कोपनहेगनची खास शैली म्हणून डोक्यावर घेतात, ती मुळात अग्निशमनाची सोय आहे.

पहाडाखाली एक गवंडी पाटीवर कागद पसरून उभा आहे. वाकून बघा. कागदावर घराचा दर्शनी भाग शाईनं रेखलेला आहे. तळमजला भक्कम, आडव्या खाचांचा. त्यावरच्या मजल्याच्या खिडक्या सर्वांत उंच, कारण तिथे मालक किंवा सर्वांत जास्त भाडं देणारा राहणार. मग मजले चढतील तशा खिडक्या ठेंगण्या होत जातात. दोन मजल्यांच्या मधे एक पट्टा, त्यात काटकोनात वळत जाणारी ग्रीक वेलबुट्टी. छपराखाली दातेरी कंगणी. बस्स. बाकी भिंत सपाट.

हा गवंडी रोम-अथेन्सला गेलेला नाही. ही समज त्याला आली ती कला अकादमीच्या वर्गात. 1754 मध्ये स्थापन झालेल्या या अकादमीत गवंडी आणि सुतार चित्रकला शिकत, आणि उस्ताद म्हणून मान्यता हवी तर तिथे रेखाटन दाखवावं लागे. तिथलेच प्राध्यापक हार्सडॉर्फ यांनी 1780 च्या सुमारास कोंगेन्स न्यूतोर्व या मोठ्या चौकात स्वतःचं घर बांधलं होतं. मध्यमवर्गाचं शहरी घर कसं दिसावं याचा तो जणू गिरवायचा कित्ताच होता. आगीनंतर शेकडो घरं एकदम उभी करायची वेळ आली आणि सगळ्यांनी तो कित्ता गिरवला. त्यात थोर प्रतिभेचा भाग कमीच. सरासरी कारागिराला चांगलं वळण लागलेलं असलं की रस्ता कसा दिसतो, ते इथे दिसतं. माझ्या मते ही एखाद्या राजवाड्यापेक्षा मोठी कामगिरी.

पैसा कुठून आला? थोडा विम्यातून, थोडा कर्जातून. घरमालकांना घर तारण ठेवून कर्ज देणारी क्रेडिटकासेन ही संस्था 1797 मध्ये याच आगीमुळे निघाली, आणि डेन्मार्कच्या गृहकर्जाची परंपरा तिथून मोजतात. आणि बराचसा समुद्रावरून. इंग्रज आणि फ्रेंच लढत होते, डेन्मार्क तटस्थ होता, म्हणून त्याच्या झेंड्याखाली माल सुखरूप जायचा. कॅरिबियन बेटांवरची साखर, जी गुलामांच्या घामातून यायची. चीनचा चहा. आपल्याकडच्या तरंगमबाडी आणि श्रीरामपूर या डॅनिश वसाहतींतलं कापड. श्रीरामपूर म्हणजे नगर जिल्ह्यातलं नव्हे, बंगालमधलं. मिशनरी विल्यम केरीनं मराठीचं व्याकरण 1805 मध्ये छापलं ते याच डॅनिश श्रीरामपुरात. 1845 मध्ये डेन्मार्कनं दोन्ही वसाहती साडेबारा लाख रुपयांना ईस्ट इंडिया कंपनीला विकून टाकल्या.

आता दरवाजातून आत या. बाहेरची ग्रीक शांतता कमानीखालीच संपते. चौकात पाण्याचा पंप. त्याचं पाणी शहराबाहेरच्या तळ्यांतून पोखरलेल्या लाकडी नळांतून येतं आणि कधी कधी त्यात काहीबाही वळवळतं. पलीकडे संडास. बाजूला आणि मागे आणखी घरं, त्यांत खोली-दीड खोलीत कुटुंबं. पुढच्या जिन्यानं पहिल्या मजल्यावर गेलात तर छतावर गिलाव्याची फुलं आणि नॉर्वेतून आणलेली ओतीव लोखंडाची शेगडी. मागच्या जिन्याच्या पायऱ्या मात्र अंधारात पायानंच चाचपाव्या लागतात. तटबंदीच्या आत सुमारे एक लाख माणसं कोंबलेली आहेत आणि तट पाडायची कुणाची तयारी नाही.

1807, सप्टेंबर. तटस्थता संपली. इंग्रजांच्या तोफा 2 ते 5 तारखेपर्यंत शहरावर चालल्या, सोबत काँग्रीव्हचे अग्निबाण. त्यांची कल्पना म्हैसूरच्या फौजेकडून उचललेली. उत्तरेकडचं फ्रूअ चर्च कोसळलं. तुमची गल्ली वाचली.

1813. सरकारनं दिवाळं जाहीर केलं आहे. दोन मिनिटांवरच्या न्यूतोर्व चौकात, आगीनंतर बांधलेल्या अशाच एका घरात, लोकरीच्या मालाच्या एका व्यापाऱ्याला 5 मे रोजी मुलगा झाला. तो पुढे तत्त्वज्ञ झालेला सोरेन किर्केगार्द. शेजारी सी. एफ. हान्सेन यांच्या आराखड्याप्रमाणे नवं नगरभवन आणि न्यायालय उभं राहतंय, पुढे सहा जाडजूड खांब. किर्केगार्दचं घर 1908 मध्ये बँकेसाठी पाडलं. हान्सेन यांची इमारत अजून न्यायालय म्हणून वापरात आहे.

1853. तोंडाला रुमाल बांधा. पटकी आली आहे. त्या उन्हाळ्यात शहरात सुमारे 4,700 माणसं दगावली. अग्निशमनासाठी कापलेले कोपरे इथे काही कामाचे नव्हते. मारलं ते पाण्यानं आणि मागच्या चौकांतल्या घाणीनं. त्यानंतर मात्र तट मोडायचा आणि बंद नळांचं स्वच्छ पाणी आणायचा निर्णय झाला.

आता आजच्या दिवसात या. कधी कोपनहेगनला गेलात तर कॉम्पानीस्ट्रेडेमधून दक्षिणेला, मागस्ट्रेडे या गल्लीत नक्की शिरा. 1795 ची आग तिथे पोचली नाही. 17 आणि 19 क्रमांकाची घरं सतराव्या शतकातली आहेत, रस्ता वाकडा, फरशी ओबडधोबड. सगळे फोटो तिथेच काढतात, तुम्हीही काढा. पण राहायला घर मिळत असेल तर कॉम्पानीस्ट्रेडेमध्ये घ्या, आणि तेही पुढच्या बाजूचं, पहिल्या मजल्यावरचं.