दिनविशेष : २५ जुलै
फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचा स्मृतिदिन

बोरिवली, दहिसर मागे टाकून खाडी ओलांडली की वसई लागते. तिथल्या नंदाखालचे सुपुत्र फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचे २०२४ मध्ये आजच्या दिवशी निधन झाले.

धर्मगुरूचे काम चर्चच्या पटावरील नावे मोजून कळत नाही, याची साक्ष वसईच्या विहिरी आणि केळीच्या बागा देतात. मुंबईची बांधकामे उत्तरेकडे सरकली, टँकर विहिरींचा उपसा करू लागले, शेतजमिनींवर बिल्डरांची नजर गेली. तेव्हा फादर हरित वसई संरक्षण समितीतर्फे रस्त्यावर उतरले. दहशतीला त्यांनी भीक घातली नाही. या लढ्यात सर्वधर्मीय गावकरी खांद्याला खांदा लावून उभे राहिले.

१९८३ ते २००७ या काळात त्यांनी संपादिलेले ‘सुवार्ता’ मासिक ख्रिस्ती समाजापुरते न राहता मराठी वाचकांचे झाले.

‘सुबोध बायबल’साठी २०१३ चा साहित्य अकादमी अनुवाद पुरस्कार त्यांना मिळाला. जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादच्या ९३व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. निवडीला विरोध झाला, तरी ते संमेलनाला गेले. या पदावर बसलेले ते पहिले ख्रिस्ती धर्मगुरू.