मोगलाईचे वर्तमानपत्र, पुण्याचा छापखाना

जिंतूर १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाच्या राज्यात होते. लोकांच्या बोलण्यात या मुलखाचे नाव 'मोगलाई'. जिंतूरच्या उत्तरेला वऱ्हाड लागतो. वऱ्हाडची मालकी कागदोपत्री निजामाचीच होती, १९३६ पासून त्याच्या युवराजाला 'प्रिन्स ऑफ बेरार' असा किताबही होता. पण कारभार इंग्रजांचा, त्यामुळे कायदाही इंग्रजांचा. मुलूख सलग, भाषा तीच, सोयरीक दोन्हीकडची. तरीही इकडे चालणारा हुकूम तिकडे चालत नसे.

मोगलाईत जाहीर सभा घ्यायची तर सरकारची परवानगी लागे. 'गश्ती निशाण ५३' हे त्या फर्मानाचे नाव जुन्या कार्यकर्त्यांच्या आठवणींत वारंवार येते. १९३८ मध्ये हैदराबाद स्टेट काँग्रेस उभी राहते न राहते तोच तिच्यावर बंदी आली. अशा राज्यात सरकारवर टीका करणारे मराठी पत्र छापायचे कुठे?

आ. कृ. वाघमारे यांनी १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात या प्रश्नाचे उत्तर शोधले. त्यांचे 'मराठवाडा' साप्ताहिक निघाले ते पुण्यातून. नाव मराठवाड्याचे, वाचक मराठवाड्याचे, छापखाना मात्र निजामाच्या हद्दीबाहेर. निजाम सरकारने त्यावर बंदी घातली, तेव्हा वाघमाऱ्यांनी नाव बदलले. नव्या नावावर बंदी आली की आणखी एक नाव. 'नागरिक', 'रणदुंदुभी', 'समरभूमी' ही त्यांतली काही. बंदीचा हुकूम नावावर निघे. नाव बदलले की सरकारला पुन्हा नवा हुकूम काढावा लागे.

आज मोबाइलवर व्हीपीएन सुरू करणारा माणूस तत्त्वतः हेच करतो. एरवी आपण कोणत्या संकेतस्थळावर गेलो हे इंटरनेट पुरवणाऱ्या कंपनीला कळू शकते. मजकूर बहुतेक ठिकाणी कूटबद्ध असतो, पण पाकिटावरचा पत्ता दिसतो. व्हीपीएन ते पाकीट दुसऱ्या पाकिटात घालते. बाहेरच्या पाकिटावर फक्त व्हीपीएनच्या सर्व्हरचा पत्ता. तिथे ते उघडले जाते आणि आतले पाकीट पुढे रवाना होते. पोहोचणाऱ्या ठिकाणी पाठवणारा म्हणून त्या सर्व्हरचीच नोंद होते. कुणी असे सर्व्हर अडवायचे ठरवले तर त्याला पत्त्यांची यादी करावी लागते, आणि पत्ते बदलत राहतात.

मात्र पुण्याच्या छापखान्याची एक बाजू सहसा सांगितली जात नाही. ब्रिटिश हिंदुस्थानात १८६७ चा छापखान्यांविषयीचा कायदा लागू होता. नियतकालिक काढायचे तर मॅजिस्ट्रेटपुढे प्रतिज्ञापत्र करावे लागे, आणि अंकावर मुद्रकाचे नाव व छपाईचे ठिकाण छापावे लागे. म्हणजे निजामाच्या हातातून सुटलेले पत्र इंग्रजांच्या दप्तरात नावानिशी नोंदलेले होते. पत्राला मिळाली ती नजरेआड राहण्याची मुभा नव्हती. आपल्यावर कोणाची नजर असावी हे निवडण्याची मुभा होती.

व्हीपीएनचेही असेच आहे. इंटरनेट कंपनीपासून लपवलेले सगळे व्हीपीएन कंपनीला दिसू शकते. ती नोंदी ठेवते का, हा म्हणूनच कळीचा प्रश्न. २८ एप्रिल २०२२ रोजी 'सर्ट-इन' या केंद्र सरकारच्या यंत्रणेने आदेश काढला: व्हीपीएन पुरवणाऱ्यांनी ग्राहकांची पडताळलेली नावे, पत्ते, संपर्क क्रमांक, दिलेले आयपी पत्ते आणि वापराचा उद्देश किमान पाच वर्षे जपून ठेवावा. कंपन्यांच्या अंतर्गत व्हीपीएनला यातून सूट मिळाली. सायबर गुन्ह्यांचा तपास करता यावा, हे सरकारचे कारण. आणि ते पोकळ नाही. पण ही पाच वर्षांची वही गुन्हेगाराबरोबर निर्दोष माणसाचीही असते. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २४ ऑगस्ट २०१७ रोजी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला, त्याला तेव्हा पाच वर्षेही झाली नव्हती.

त्या जूनमध्ये 'एक्स्प्रेसव्हीपीएन'ने भारतातले सर्व्हर काढून घेतले. भारतीय पत्ता हवा असलेल्या ग्राहकांसाठी कंपनीने सिंगापूर आणि ब्रिटनमधली यंत्रे वापरली. पत्ता भारताचा, यंत्र परदेशात. पुण्यात छापलेल्या 'मराठवाडा'चीच ही तऱ्हा.

भारतात व्हीपीएन वापरणे सरसकट बेकायदा नाही. जिंतूरच्या एखाद्या विद्यार्थिनीला आजाराविषयी वाचताना कुणी पाहू नये असे वाटले, तर ती ते वापरू शकते. फक्त फुकटचे ॲप उतरवण्याआधी तिने वाघमाऱ्यांच्या वाचकाला पडला नसता असा प्रश्न विचारायला हवा. पुण्यात पत्र कोण काढतो हे त्या वाचकाला ठाऊक होते, नाव अंकावर छापलेले असे. आपले पाकीट उघडणारा हा माणूस कोण, कुठल्या हद्दीतला, आणि त्याचे पोट कशावर चालते?

'मराठवाडा' पुढे औरंगाबादला आले, दैनिक झाले, अनंत भालेरावांसारखा संपादक त्याला लाभला. राज्य बदलले तेव्हा पत्राला आडवाटेची गरज उरली नाही. आडवाट आवश्यक होती, पण ते पत्र भांडत होते ते सरळ वाटेने घरी येता यावे म्हणून.