डिकसळचं टेसण

रौप्यमहोत्सवी अंकासाठी "जुन्या इंदापूरवर काहीतरी लिहा" असं समितीने सांगितलं आणि मला आधी आठवलं ते डिकसळचं टेसण. लहानपणी मुंबईला गिरणीतल्या चुलत्यांकडे जायचं म्हणजे वरकुट्यात मध्यरात्रीच बैलगाडी जुंपायची, कारण रेल्वे धरायची ती डिकसळला. आजी म्हणायची, "आगीनगाडी आली अन् आपला मुलूख वसला." पुढे बँकेत शेतीकर्जाचे कागद बघताना लक्षात आलं, की आजीचं म्हणणं अर्धंच खरं होतं.

आपला इंदापूर तालुका पावसाच्या छायेतला. इंग्रजी अमलाच्या सुरुवातीला प्रिंगल नावाच्या अधिकाऱ्याने इथला शेतसारा इतका जबर बसवला, की कुळं जमिनी टाकून परागंदा झाली. शेवटी 1836 साली गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी नवी मोजणी करून सारा कमी केला आणि तीस वर्षांसाठी कायम केला. मुंबई इलाख्याची नवी साराबंदी आपल्या इंदापुरातच सुरू झाली, हे आपल्यातल्या फार थोड्यांना माहीत असेल. माणसं परतली, पडीक रानं पुन्हा नांगराखाली आली. म्हणजे मुलूख पुन्हा वसायला लागला तो रेल्वेच्या वीस वर्षं आधी.

रेल्वे आली 1858 मध्ये. जूनमध्ये खंडाळा ते पुणे आणि डिसेंबरात पुण्याहून डिकसळपर्यंत. 1859 च्या ऑक्टोबरात रूळ बार्शी रोड, म्हणजे आजच्या कुर्डुवाडीपर्यंत गेले. मधले दहा महिने डिकसळ हे शेवटचं स्टेशन होतं! पुढच्या मुलखातल्या मालाच्या गाड्या तिथेच सुटायच्या. बोरघाट मात्र 1863 मध्ये खुला झाला. तोवर प्रवाशांना घाटापुरतं खाली उतरून पालखीने, तट्टावर नाहीतर पायी जावं लागे.

त्याच सुमारास अमेरिकेतही रेल्वे पसरत होती. तिथे मूळ रहिवाशांना हुसकावून सरकारने रेल्वे कंपन्यांना जमिनी दिल्या, त्या कंपन्यांनी वसाहतवाल्यांना विकल्या. आधी रूळ, मग गाव. आपल्याकडे गावं आधीचीच होती. इथे रेल्वेने बदलले ते भाव. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे (1861 ते 65) कापसाला सोन्याची किंमत आली, धान्यही महागलं. नेमकी तेव्हाच तीस वर्षांची मुदत संपली. रेल्वे आली, भाव चढले, हेच कारण दाखवून 1867 च्या सुमारास सरकारने सारा वाढवला. युद्ध संपल्यावर भाव पडले, सारा मात्र चढाच राहिला. शेतकरी सावकाराच्या दारात गेला. 1875 च्या मे महिन्यात सुप्याच्या बाजारात सावकारांच्या वह्या जळाल्या, त्यामागे हेही एक कारण होतं.

लगेच 1876-77 चा दुष्काळ. रेल्वेने धान्य आलं खरं, पण विकत घ्यायला गाठीला पैसा कुणाच्या होता? त्या काळात हाती घेतलेलं नीरा डाव्या कालव्याचं काम मात्र टिकलं. 1885 च्या सुमारास कालव्याला पाणी आलं आणि खरी वस्ती झाली ती त्यानंतर. सासवडकडचे माळी बागाईतदार उसासाठी बारामतीकडे उतरले, गुऱ्हाळं लागली, बारामतीला गुळाची पेठ भरली. 1914 मध्ये दौंड-बारामती छोटी रेल्वे सुरू झाली, ती या पाण्याच्या मागून आली. वालचंदनगरची साखर 1930 नंतरची.

वरकुट्याला मात्र ना रूळ मिळाले, ना त्या काळात मुबलक पाणी. आमच्यासाठी रेल्वे माल नेणारी नव्हती, माणसं नेणारी होती. धाकटे चुलते दोन वर्षांसाठी म्हणून गिरणीत गेले आणि तिथलेच झाले. त्यांच्या वाट्याचं रान कितीतरी वर्षं पड होतं. आजीने मात्र आगीनगाडीला कधी दोष दिला नाही. घरी येणारी मनिऑर्डरही त्याच गाडीने यायची ना!

1980 मध्ये उजनी धरण झालं. भीमेचं पाणी फुगलं, गावं उठली, रेल्वेमार्गही जुनी वाट सोडून वळवावा लागला. डिकसळच्या जुन्या रेल्वेपुलावरून नंतर कित्येक वर्षं करमाळ्याकडची वाहनं जात होती. ज्या पाण्याने आमचं टेसण नेलं, त्याच पाण्याने तालुक्यात ऊस आणि केळी आणली. चुलत्यांचं रान आज त्यांचा नातू कसतो. तो मुंबईहून परत आला, रेल्वेने नव्हे, पाइपलाइन झाली म्हणून.

कर्जाचा अर्ज आला की मी दोनच गोष्टी आधी विचारायचो: पाणी किती लांब, रस्ता किती लांब. रस्ता असला आणि पाणी नसलं, तर त्या रस्त्याने माणसं निघून जातात. पंचवीस वर्षांपूर्वी आपल्या सोसायटीच्या पहिल्या सभेत रस्त्याआधी बोअरचा ठराव झाला, तेव्हा मी पहिला हात वर केला होता. त्यामागे डिकसळचं टेसण होतं, हे आज सांगतो.