वाळूची गाडी आणि तिचा गुन्हा

मागच्या व्याख्यानात मालमत्तेची कल्पना पाहिली. आज एकच वस्तू घेऊ, वाळूची गाडी. आपल्याकडे अनेक तहसील कार्यालयांच्या आवारात जप्त केलेले ट्रॅक्टर, डंपर उभे दिसतात. टायर बसलेले, ट्रॉलीत गवत उगवलेलं. त्यांनी काय केलं? माणसानं काय केलं ते नंतर बघू, आधी गाडीचं विचारतोय.

हा थट्टेचा प्रश्न नाही. प्राचीन अथेन्समध्ये निर्जीव वस्तूंवर खटले चालत. अंगावर पडून माणूस मेला तर तो दगड दोषी ठरे आणि हद्दीपार टाकला जाई. प्लेटोनंही आपल्या 'लॉज' ग्रंथात असाच नियम घातला. इंग्लंडात माणसाच्या मृत्यूला कारण झालेली गाडी किंवा बैल राजाकडे जमा होई. त्याला 'डिओडँड' म्हणत. अर्थ काय, तर देवाला द्यायची वस्तू. पैसा मात्र राजाला! पुढे रेल्वे आली, अपघात झाले, ज्युरी इंजिनांवर भारी डिओडँड बसवू लागल्या, तेव्हा कुठे १८४६ साली ही प्रथा रद्द झाली. कंपन्यांना झळ लागली की तत्त्वविचार भराभर पुढे सरकतो, असं आपलं माझं मत.

आता आपल्याकडे या. वाळू हे गौण खनिज. १९५७च्या केंद्रीय खनिज कायद्याच्या कलम २१मध्ये वाहन जप्तीची तरतूद आहे. ते सरकारजमा करायचं की नाही, हे न्यायालय ठरवतं. दुसरीकडे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६, कलम ४८. इथे सगळा कारभार महसुली. शिवाय चोरीचा गुन्हा नोंदवून पोलीसही गाडी धरतात. २०१४ साली दिल्लीच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की खनिज कायदा असला तरी चोरीचा गुन्हा वेगळा चालू शकतो. म्हणजे गाडी एक आणि तिच्यावर हक्क सांगणारी दारं तीन. मालकानं कुठलं ठोठवायचं?

वकील मंडळी इथे फार बारकाईनं भांडतात, आणि ते बरोबरच आहे. कलम ४८(८) नुसार जप्ती तहसीलदार करू शकतो, पण गाडी ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा अधिकार दिलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे नेली पाहिजे. दंड आणि जातमुचलका घेऊन ती सोडण्याचा अधिकार त्याचा. गाडीवरच्या दंडाचा आदेश तहसीलदारानंच काढला, म्हणून तो उच्च न्यायालयात टिकला नाही, असं अनेकदा घडलंय. वाळूच्या किमतीवरचा दंड वेगळा आणि वाहनावरचा वेगळा. दोन्ही एकाच कागदावर एका सहीनं उरकले की घोटाळा झालाच.

सरकारची बाजूही ऐका. रात्री नदीपात्रात छापा पडतो, ड्रायव्हर पळतो, उपसा कुणी करायला लावला ते कुणी सांगत नाही. हाती लागते ती गाडी. पात्र खरवडलं की काठच्या विहिरी आटतात. म्हणूनच २०१२ साली दीपक कुमार खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं पाच हेक्टरपेक्षा लहान खाणपट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरीची अट घातली. जप्तीचा धाक हवाच.

पण मालकाला ठाऊकच नसेल तर? ट्रॅक्टर भाड्यानं दिला, हप्ते अजून फिटायचेत, आणि भाडेकऱ्यानं रात्री घाटावर नेला. वन कायद्यात महाराष्ट्रानं केलेल्या दुरुस्तीत अशा मालकाला वाट आहे: मला माहीत नव्हतं आणि मी पुरेशी खबरदारी घेतली होती, हे त्यानं सिद्ध केलं तर वाहन सरकारजमा होत नाही. कलम ४८(८)मध्ये असं वाक्य नाही. लाकडाच्या गाडीला मालकाचं मन विचारायचं आणि वाळूच्या गाडीला नाही, याचं तात्त्विक समर्थन मला तरी सापडत नाही. अथेन्सचा तो दगड इथे डोकं वर काढतो.

आणि गाडी तोवर उन्हापावसात उभीच. सुंदरभाई अंबालाल देसाई खटल्यात, २००२ साली, सर्वोच्च न्यायालयानं बजावलं की जप्त वाहनं पोलीस ठाण्यात दीर्घकाळ ठेवून काही साधत नाही. योग्य हमी घेऊन ती लवकर सोडावीत. गंमत अशी, की त्या खटल्यातले आरोपी स्वतः पोलीस होते, मुद्देमालात अफरातफर केल्याचे! हा निकाल फौजदारी न्यायालयांना उद्देशून होता. महसूल कार्यालयाच्या आवारातल्या गाडीसाठी मालकाला आधी दंड भरावा लागतो, किंवा रिट याचिका करावी लागते. त्या याचिकेची तारीख लागेपर्यंत बॅटरी गेलेली असते.